शहरालगतच्या गावांचे स्वशासन : फुलचूरच्या संदर्भात उपनगरी स्थानिक मंडळांचा एक ऐतिहासिक अभ्यास

प्रास्ताविक

गोंदिया शहराच्या हद्दीला लागून फुलचूर हे गाव आहे. नगरपरिषदेची हद्द कोठे संपली आणि ग्रामपंचायतीची कोठे सुरू झाली, हे रस्त्याने जाणाऱ्या माणसाला सहसा उमगत नाही. ते कळते घरपट्टीच्या पावतीवरून आणि मतदारयादीवरून. कुडवा, कटंगी, नागरा या शहराच्या इतर बाजूंच्या गावांची स्थितीही थोड्याफार फरकाने अशीच आहे. २०११ च्या जनगणनेत गोंदिया नगरपरिषदेच्या हद्दीत १,३२,८१३ लोकांची नोंद झाली. रोज शहरात कामाला येणारी, शहराच्याच बाजारपेठेवर, शाळांवर आणि दवाखान्यांवर अवलंबून असणारी भोवतालच्या गावांची लोकसंख्या या आकड्यात येत नाही.

शहर वाढते आणि हद्द जागच्या जागी राहते, तेव्हा हद्दीबाहेरील वस्त्यांचा कारभार कोणी पाहावा, हा प्रश्न स्थानिक स्वराज्य संस्थांच्या इतिहासात नवा नाही. त्याला साधारणपणे दोन उत्तरे दिली जातात. वस्त्या शहरात विलीन कराव्यात, हे पहिले; त्यांना गाव म्हणूनच राहू द्यावे, हे दुसरे. तिसरे उत्तर मात्र विस्मरणात गेले आहे. शहराबाहेरील अनेक वस्त्यांना एकत्र गुंफून त्यांचे स्वतंत्र, निवडून आलेले मंडळ स्थापन करावे, हे ते उत्तर होय. महाराष्ट्रात हे उत्तर साठ-सत्तर वर्षे अमलात होते. ते का आले, का गेले आणि फुलचूरसारख्या गावाच्या दृष्टीने त्याचा अर्थ काय, याचा विचार प्रस्तुत लेखात करण्यात आला आहे.

मध्यप्रांतातील पार्श्वभूमी

लॉर्ड रिपन यांच्या १८ मे १८८२ च्या ठरावानंतर मध्यप्रांतात १८८३ चा स्थानिक स्वराज्य कायदा झाला. या कायद्याने जिल्ह्यासाठी डिस्ट्रिक्ट कौन्सिल आणि तिच्याखाली लोकल बोर्डे निर्माण केली. लोकल बोर्डाची रचना लक्षात घेण्याजोगी आहे. गावांचे गट पाडण्यात येत आणि गटातील गावांचे मुकद्दम आपल्यातून प्रतिनिधी निवडीत; व्यापारी वर्गाचे प्रतिनिधी वेगळे असत आणि काही सदस्य सरकार नेमीत असे. मताचा अधिकार मुकद्दमापुरता मर्यादित असल्याने ही निवडणूक आजच्या अर्थाने लोकांची नव्हती. तथापि एकेकट्या गावाऐवजी गावांचा गट हे प्रतिनिधित्वाचे एकक मानण्याची कल्पना या प्रदेशात तेव्हापासून आहे.

गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्याच्या तिरोडा तहसिलीतील एक गाव होते. त्याचे शहर केले ते रेल्वेने. १८८० च्या दशकात नागपूर-छत्तीसगड मार्ग येथून गेला, तो पुढे बंगाल-नागपूर रेल्वेकडे आला, आणि विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकात बालाघाट-नैनपूरमार्गे जबलपूरला जाणारी छोटी गाडी सुरू झाल्यावर गोंदिया जंक्शन झाले. धान, लाख, तेंदूपाने आणि इमारती लाकूड यांचा व्यापार येथे एकवटला. भात गिरण्या आणि बिडी कारखाने उभे राहिले. मालगुजारी गावांच्या मधोमध हे शहर वाढले आणि त्याच्या चहूबाजूंची गावे कायद्याने गावेच राहिली. तहसिलीचे ठाणेही कालांतराने गोंदियास आले. रेल्वेने घडविलेल्या शहरांचा हा विशेष आहे. पेठा आधी वसवून मग वेस बांधण्याची जुनी रीत येथे नव्हती; माल जेथे उतरला तेथे वस्ती झाली आणि हद्द नंतर आखली गेली.

१९२० मध्ये मध्यप्रांतात नवा स्थानिक स्वराज्य कायदा आणि ग्रामपंचायत कायदा असे दोन्ही आले. स्वातंत्र्यानंतर १९४८ मध्ये द्वारकाप्रसाद मिश्र यांच्या पुढाकाराने जनपद योजना अमलात आली. डिस्ट्रिक्ट कौन्सिले व लोकल बोर्डे जाऊन तहसिलीगणिक जनपद सभा आल्या. भंडारा, गोंदिया व साकोली या तहसिलींचा कारभार त्यांच्याकडे गेला. मालगुजारी १९५१ मध्ये संपुष्टात आली. भंडारा जिल्हा १ नोव्हेंबर १९५६ रोजी द्वैभाषिक मुंबई राज्यात समाविष्ट झाला आणि १ मे १९६२ पासून जिल्हा परिषदा व पंचायत समित्या आल्यावर विदर्भातील जनपद सभांचे पर्व संपले. जेमतेम चौदा वर्षांचे हे पर्व होते. विदर्भाच्या स्थानिक इतिहासलेखनात त्याची जितकी दखल घेतली जावयास हवी होती, तितकी घेतली गेलेली नाही.

पुणे आणि नागपूर

उपनगरांसाठी स्वतंत्र मंडळ हा प्रयोग पश्चिम महाराष्ट्रात अधिक स्पष्ट दिसतो. पुण्यात १८५० च्या कायद्याखाली शहर नगरपालिका होती आणि लष्कराच्या छावण्या वेगळ्या होत्या. शहर आणि छावण्या यांच्या मधल्या व भोवतालच्या वस्त्या या दोहोंपैकी कोणाच्याच नव्हत्या. त्यांच्यासाठी १८८४ मध्ये पुणे उपनगर नगरपालिका, त्या काळच्या बोलीत सबर्बन म्युनिसिपालिटी, स्थापन झाली. शहर नगरपालिकेच्या सभागृहात टिळक-गोखल्यांच्या काळातील राजकारण गाजले. तिच्याविषयी पुष्कळ लिहिले गेले. सबर्बन म्युनिसिपालिटीच्या वाट्याला असे काही आले नाही. रस्ते, दिवे, मैला वाहून नेणे, पाण्याची सोय असा तिचा कारभार चालला. त्या काळातील इतर नगरपालिकांप्रमाणे तिच्यातही सरकारनियुक्त सदस्यांचे वजन होते आणि मताचा अधिकार मालमत्ता व कर यांच्याशी बांधलेला होता. १५ फेब्रुवारी १९५० रोजी, १९४९ च्या महानगरपालिका कायद्यान्वये, शहर व उपनगर या दोन्ही नगरपालिका एकत्र करून पुणे महानगरपालिका झाली. साठाहून अधिक वर्षे चाललेली एक संस्था अशा रीतीने इतिहासजमा झाली.

नागपूरमध्ये १८६४ पासून नगरपालिका होती, परंतु सिव्हिल स्टेशनचा भाग तिच्या थेट कारभारात नव्हता. त्यासाठी सिव्हिल स्टेशन उपसमिती होती. येथे वस्ती मुख्यतः अधिकाऱ्यांची व सुस्थित वर्गाची असल्याने या रचनेला स्वशासनापेक्षा विलगतेचा वास अधिक होता, हे मान्य करावे लागेल. २ मार्च १९५१ रोजी नागपूर महानगरपालिका अस्तित्वात आली तेव्हा हाही भाग तिच्यात गेला. उपनगराचे स्वतंत्र मंडळ हे नेहमीच दुर्बलांच्या आवाजासाठी असते असे नाही. कधी कधी ते सुखवस्तूंनी शहराच्या खर्चापासून स्वतःभोवती घातलेले कुंपणही असते. या विषयाच्या अभ्यासकाने हे दुहेरीपण नजरेआड करू नये.

साष्टीतील जोडनावांच्या नगरपालिका

मुंबईच्या उत्तरेस साष्टी बेटावर हा प्रयोग सर्वांत मोठ्या प्रमाणावर झाला. वांद्रे नगरपालिका १८७६ ची. १८९६ च्या प्लेगनंतर मुंबईतून बाहेर पडणाऱ्यांनी वांद्रे, सांताक्रूझ, पार्ले, अंधेरी, घाटकोपर अशा गावांची वाट धरली. १९१५ च्या नगररचना कायद्याने शेतजमिनींची आखणी करून रस्ते व भूखंड पाडण्याची सोय झाली. या कायद्याखालील आरंभीच्या योजना याच भागातल्या. १९२० मध्ये ठाणे जिल्ह्यातून दक्षिण साष्टी वेगळी काढून मुंबई उपनगर जिल्हा निर्माण करण्यात आला. १९२५ मध्ये हार्बर मार्गावर आणि १९२८ मध्ये बोरिवलीपर्यंत विजेवर चालणाऱ्या गाड्या धावू लागल्यावर उपनगरात राहून मुंबईत नोकरी करणे हा मध्यमवर्गाचा परिपाठ झाला.

या भागातील नगरपालिकांच्या नावांकडे पाहिले असता त्यांची जडणघडण ध्यानी येते. घाटकोपर-किरोळ, पार्ले-अंधेरी अशी ती जोडनावे होती. दोन गावे, दोन गावठाणे, बहुधा दोन प्रकारची वस्ती, आणि नगरपालिका एक. मूळचे आगरी, कोळी, ईस्ट इंडियन शेतकरी एका बाजूस आणि रेल्वेने आलेले गुजराती व्यापारी, मराठी कारकून, शिक्षक दुसऱ्या बाजूस. या दोघांना एकाच सभागृहात बसावे लागे. गटार कोणत्या आळीतून न्यावयाचे, विहिरींची साफसफाई कोणी करावयाची, मिठागरे व शेते यांवर कर कसा बसवावयाचा, असे प्रश्न तेथे येत. जे भाग नगरपालिकेत नव्हते, त्यांचा कारभार जिल्हा लोकल बोर्ड पाहत असे.

या मंडळांची खरी अडचण पाण्याची होती. विहार तलाव १८६० चा, तुलसी १८७९ चा. दोन्ही साष्टीच्या भूमीवर. ते मुंबई शहरासाठी बांधले गेले. तानसाहून निघालेली मोठी जलवाहिनीही १८९२ पासून उपनगरांच्या भूमीवरून शहराकडे वाहू लागली. तलाव साष्टीत आणि नळ मुंबईत, अशी ही व्यवस्था होती. लहान नगरपालिकेला स्वतःचे धरण बांधणे शक्य नव्हते. तिला मोठ्या शेजाऱ्यावर अवलंबून राहावे लागे, आणि त्या शेजाऱ्याच्या सभागृहात तिचा एकही प्रतिनिधी नसे. विलीनीकरणाच्या बाजूने जी कारणे पुढे करण्यात आली, त्यांत पाणी व सांडपाणी यांचे स्थान वरचे होते, ते यामुळेच.

१५ एप्रिल १९५० रोजी मुंबई महानगरपालिकेची हद्द अंधेरी व घाटकोपरच्या परिसरापर्यंत वाढविण्यात आली आणि १ फेब्रुवारी १९५७ रोजी दहिसर व मुलुंडपर्यंत पोहोचली. उपनगरी नगरपालिका एकामागून एक संपल्या. नागरिकांना मोठ्या संस्थेचे पाणी, दवाखाने, शाळा मिळाल्या, हा लाभ निर्विवाद आहे. पण ज्या नगरपालिकेत पार्ल्याचा प्रश्न रोजचा होता, तिच्या जागी आलेल्या महापालिकेत तो अनेक प्रश्नांपैकी एक झाला. विलीनीकरणाच्या बहुतेक इतिहासांत या दुसऱ्या बाजूला एखाद्या ओळीपलीकडे जागा मिळत नाही.

गाव की शहर : १९५८ नंतरची चौकट

या मंडळांच्या अस्तानंतर महाराष्ट्राच्या कायद्यात दोन वेगळे रस्ते पडले. मुंबई ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ हा एक आणि नगरपरिषदांचा १९६५ चा अधिनियम हा दुसरा. पहिल्यात अनेक महसुली गावे किंवा वाड्या मिळून एक ग्रामपंचायत करण्याची तरतूद आहे. तिला गट ग्रामपंचायत म्हणतात. व्यवहारात ही तरतूद लहान, विरळ वस्तीच्या गावांसाठी वापरली गेली. शहरालगतच्या मोठ्या गावांना एकत्र आणण्यासाठी तिचा उपयोग करण्याचा विचार रुजला नाही.

१९९२ च्या ७३ व्या व ७४ व्या घटनादुरुस्त्यांनीही ही दुफळी कायम ठेवली. अनुच्छेद २४३-थ मध्ये ग्रामीण क्षेत्रातून नागरी क्षेत्राकडे संक्रमण करणाऱ्या भागासाठी नगरपंचायत सांगितली आहे. महाराष्ट्रात तिच्यासाठी दहा ते पंचवीस हजार लोकसंख्या, शहरापासूनचे अंतर आणि बिगरशेती रोजगाराचे प्रमाण अशा कसोट्या ठरविण्यात आल्या. प्रत्यक्षात २०१४-१५ च्या सुमारास ज्या नगरपंचायती मोठ्या संख्येने झाल्या, त्या तालुक्याच्या ठिकाणी. गोंदिया जिल्ह्यात गोरेगाव, देवरी, सडक-अर्जुनी, अर्जुनी-मोरगाव, सालेकसा ही त्यांची उदाहरणे. मोठ्या शहराला चिकटलेले, पण तालुक्याचे ठिकाण नसलेले गाव या लाटेतून बाहेरच राहिले.

याच जिल्ह्यातील आमगावचा अनुभव येथे विशेष बोलका आहे. आमगाव नगरपंचायत झाल्यानंतर २०१७ मध्ये रिसामा, बनगाव, कुंभारटोली, पदमपूर आदी लगतची गावे जोडून तिची नगरपरिषद करण्यात आली; एकूण आठ गावे एका संस्थेखाली आली. कागदावर हेच ते तिसरे उत्तर होते. परंतु ते गावांनी मागितलेले नव्हते. प्रकरण न्यायालयात गेले, निवडणूक वर्षानुवर्षे होऊ शकली नाही आणि कारभार प्रशासकाकडे राहिला. ग्रामपंचायत गेली, नगरपरिषद आली नाही, अशा अवस्थेला कंटाळून या गावांतील लोकांनी २०२२ च्या अखेरीस मध्यप्रदेशात सामील होण्याची मागणी केली. या मागणीची त्या वेळी थट्टा झाली. तथापि निवडून आलेले मंडळच नसलेल्या आठ गावांनी आपला आवाज कोणत्या सभागृहात उठवावा, हा तिच्यामागील प्रश्न थट्टेचा नव्हता.

राज्यात इतरत्रही हाच ताण दिसतो. २००९ मध्ये चार नगरपरिषदा व त्रेपन्न गावे मिळून वसई-विरार महानगरपालिका झाली तेव्हा गावांनी मोठे आंदोलन केले. कल्याण-डोंबिवलीतील सत्तावीस गावे २००२ मध्ये महापालिकेबाहेर पडली आणि २०१५ मध्ये पुन्हा आत आली. पुण्याचे उदाहरण तर एक वर्तुळ पूर्ण करणारे आहे. फुरसुंगी व उरुळी देवाची ही गावे २०१७ मध्ये पुणे महापालिकेत समाविष्ट झाली. महापालिकेचा मिळकतकर लागू झाला, त्या मानाने सोयी आल्या नाहीत, आणि शहराचा कचरा मात्र कितीतरी वर्षे येथेच येत होता. अखेर २०२४ मध्ये ही दोन गावे महापालिकेतून वगळून त्यांची संयुक्त नगरपरिषद करण्यात आली. १९५० मध्ये ज्या शहराने आपली उपनगर नगरपालिका पोटात घेतली, त्याच शहराच्या सीमेवर चौऱ्याहत्तर वर्षांनी जोडनावाची उपनगरी नगरपरिषद पुन्हा जन्मास आली.

फुलचूरचा प्रश्न

गोंदिया हा १ मे १९९९ रोजी भंडाऱ्यातून वेगळा जिल्हा झाला. जिल्ह्याचे ठिकाण आल्याबरोबर कार्यालये, नोकरदार आणि घरांची मागणी आली. शहरातील जमीन महाग होत गेली आणि ले-आऊट लगतच्या गावांकडे सरकले. येथे एक प्रशासकीय विसंगती आहे, जी शहराच्या कडेला असलेल्या प्रत्येक ग्रामपंचायतीच्या परिचयाची असते. गावठाणाबाहेरील शेतजमीन अकृषक करण्याचा व भूखंड पाडण्याचा निर्णय ग्रामपंचायतीच्या हाती नसतो. तो महसूल व नगररचना यंत्रणेचा असतो. भूखंड विकले जातात, घरे उभी राहतात आणि मग रस्ता, नाली, दिवा, कचरा यांची मागणी घेऊन नवे रहिवासी ग्रामपंचायतीच्या दारात येतात. परवानगी एकाची आणि नाली दुसऱ्याची, असा हा व्यवहार आहे. शिवाय नालीचे पाणी गावाच्या शिवेवर थांबत नाही; ते पुढच्या ग्रामपंचायतीच्या किंवा नगरपरिषदेच्या हद्दीत उतरते.

या बोज्याच्या मानाने ग्रामपंचायतीचे बळ किती? कायद्याने तिचे सदस्य सात ते सतरा. कर्मचारी मोजके, एक ग्रामसेवक. उत्पन्न घरपट्टी, पाणीपट्टी आणि अनुदान यांचे. दुसऱ्या बाजूला, ग्रामपंचायतीपाशी असे काही आहे जे नगरपरिषदेपाशी नाही, ते म्हणजे ग्रामसभा. मतदारयादीतील प्रत्येक व्यक्तीला तेथे उभे राहून हिशेब विचारता येतो. २०११ पासून निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत. सरपंच थेट जनतेतून निवडण्याची पद्धत २०१७ मध्ये आली, २०२० मध्ये रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा आली. चौदाव्या वित्त आयोगाने २०१५ ते २०२० या काळात ग्रामीण अनुदान थेट ग्रामपंचायतींच्या खात्यात दिले. हद्दवाढीची चर्चा निघाली की शहरालगतची गावे बिचकतात, त्यामागे केवळ कर वाढण्याची भीती नसते. शेतीवर जगणारे, मजुरी करणारे आणि ग्रामीण योजनांचे लाभार्थी असलेले कुटुंब एका अधिसूचनेने नागरी ठरते, आणि सतरा जणांच्या मंडळातून निघून मोठ्या सभागृहातील एखाद्या प्रभागाचा भाग बनते. ले-आऊटमध्ये राहणाऱ्या नोकरदाराचे हित याच्या उलटही असू शकते. त्याला नळ व पक्की नाली हवी असते आणि ती नगरपरिषद देईल अशी त्याची आशा असते. एकाच गावातील हे दोन मतदार आहेत. साष्टीतील गावठाण आणि रेल्वेने आलेली वस्ती यांच्यातील शंभर वर्षांपूर्वीचा ताण येथे दुसऱ्या रूपात आढळतो.

फुलचूर, कुडवा, कटंगी यांसारख्या गावांनी प्रत्येकी एकटे राहण्यापेक्षा पाणी, सांडपाणी व घनकचरा यांसाठी एकत्र येणे सोयीचे ठरेल, असे पूर्वीच्या उपनगरी मंडळांचा इतिहास सुचवितो; आमगावचा इतिहास मात्र असेही बजावतो की असे एकत्रीकरण वरून लादले गेले आणि निवडणूक लांबणीवर पडली, तर हाती काहीच उरत नाही. पुणे आणि साष्टी येथील मंडळे दीर्घकाळ टिकली, त्याचे एक कारण त्यांच्या मतदारांना दर काही वर्षांनी सभासद बदलता येत होते, हे होते. ती संपली, ते पाण्यासाठी त्यांना शेजारच्या मोठ्या संस्थेकडे हात पसरावा लागत होता म्हणून.

नगरपरिषद आणि ग्रामपंचायती यांच्या समाईक प्रश्नांसाठी राज्यघटनेने एक जागा नेमून दिली आहे. अनुच्छेद २४३-यघ नुसार पाण्याची वाटणी, भूभागाचे नियोजन आणि पायाभूत सोयींचा एकत्रित विकास हे विषय जिल्हा नियोजन समितीने विचारात घ्यावयाचे आहेत. दहा लाखांहून अधिक वस्तीच्या क्षेत्रासाठी महानगर नियोजन समितीची तरतूद आहे. गोंदियासारख्या शहराला ती लागू होत नाही. म्हणजे फुलचूरच्या नालीचा आणि गोंदियाच्या नाल्याचा एकत्र विचार व्हावयाचा असेल, तर तो जिल्हा नियोजन समितीतच. या समितीचे किमान चार पंचमांश सदस्य निवडून येतात. ते जिल्हा परिषदेच्या आणि नगरपालिकांच्या निर्वाचित सदस्यांमधून व त्यांच्याच मतांनी निवडले जातात. १८८३ च्या लोकल बोर्डात गावांच्या गटाचा मुकद्दमांनी निवडलेला एक तरी प्रतिनिधी बसत असे. ग्रामपंचायतीच्या सदस्याला या समितीवर निवडून येता येत नाही, आणि तिच्या निवडणुकीत त्याला मतही नाही.